के. के. महाजन : एका कॅमेरामनच्या वाटेने

या मालिकेत आपण दिग्दर्शकांबद्दल पुष्कळ बोललो. आजचा भाग एका कॅमेरामनबद्दल आहे. त्यांचं नाव के. के. महाजन. चित्रपटसृष्टीत सगळे त्यांना 'केके' म्हणत.

नाव ओळखीचं वाटलं नाही तरी हरकत नाही. त्यांचं काम तुम्ही नक्की पाहिलंय. 'रजनीगंधा' पाहिलाय ना? 'छोटी सी बात'? 'चितचोर'? दूरदर्शनवरची 'बुनियाद' मालिका? आणि तुमच्यातल्या ज्यांना फिल्म सोसायटीचा नाद होता, मग ती दिल्लीतली असो, कोलकात्यातली असो की पुण्यातली, त्यांनी 'भुवन शोम', 'उसकी रोटी', 'माया दर्पण' पाहिले असतील. या सगळ्या चित्रांमागे एकच डोळा आहे.

आता जरा गंमत बघा. ही यादी एका माणसाची आहे हे ऐकून आपल्याला आश्चर्य का वाटतं? कारण हिंदी सिनेमाचा इतिहास आपण खोल्या पाडून ठेवलाय. एका खोलीत समांतर सिनेमा, दुसरीत हृषीकेश मुखर्जी-बासू चटर्जींचा मधल्या वाटेचा सिनेमा, तिसरीत धंदेवाईक सिनेमा, आणि टीव्ही तर थेट बाहेरच्या ओसरीवर. दिग्दर्शकांची नावं घेत इतिहास सांगितला की या भिंती पक्क्या वाटतात. पण कॅमेरामनच्या मागोमाग चालत गेलं की लक्षात येतं, या खोल्यांना आतून दारं होती आणि माणसं रोज ये-जा करत होती. मला आज हेच दाखवायचंय.

आधी थोडी पार्श्वभूमी. महाजन यांचा जन्म १९४४ सालचा, पंजाबातल्या गुरदासपूरचा. १९६६ साली ते पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमधून छायालेखनाचं शिक्षण घेऊन बाहेर पडले. ही संस्था १९६० मध्ये प्रभात कंपनीच्या जागेत सुरू झाली. जिथे दामले-फत्तेलाल, शांताराम यांनी चित्रपट केले, तिथेच ही मुलं सिनेमा शिकत होती. त्याच काळात तिथे कुमार शहानी आणि मणी कौल होते. ऋत्विक घटक उपप्राचार्य म्हणून शिकवायला होते. म्हणजे कॅमेरा कसा चालवायचा यासोबतच, तो कशासाठी चालवायचा हा वादही या मुलांच्या कानांवर रोज पडत असणार.

याचं महत्त्व कळायला आधीची रीत काय होती ते बघू. त्याआधी कॅमेरामन व्हायचं तर स्टुडिओत उमेदवारी करावी लागे. आधी कॅमेरा उचलायचा, मग फोकस सांभाळायचा, मग कधीतरी उस्तादांनी संधी दिली तर दिवे लावायचे. या पद्धतीतून फार मोठे कलावंत तयार झाले, गुरुदत्तचे व्ही. के. मूर्ती त्यांतलेच. पण त्या शिक्षणाचा पाया स्टुडिओ होता. भिंती खोट्या, छत नाही, वर मचाणावर दिव्यांची रांग. नायिकेच्या चेहऱ्यावर कुठून प्रकाश पाडायचा, केसांमागे किती झळाळी ठेवायची, याची ठरलेली गणितं होती. प्रकाश कुठून येतो हा प्रश्नच नव्हता, तो हवा तिथून आणता येत होता.

महाजनांनी सुरुवातीला माहितीपट आणि जाहिरातपट केले. जाहिरातपट त्यांनी पुढेही करत राहिले. त्यांची संख्या शंभराच्या घरात जाते. या कामाकडे आपण 'पोटापाण्याचं' म्हणून बघतो. मला ती त्यांची दुसरी शाळा वाटते. माहितीपटात तुम्हाला खऱ्या रस्त्यावर, असेल त्या उजेडात, दोन-चार माणसांच्या मदतीने काम उरकावं लागतं. रीटेक मागायची सोय नसते. जाहिरातीत उलट, तीस सेकंदांतली प्रत्येक चौकट घासूनपुसून लागते. एकीकडे झटपट नजर, दुसरीकडे काटेकोरपणा. पुढच्या चाळीस वर्षांत त्यांनी ऐंशीहून अधिक कथापट केले, ते या दोन सवयींच्या जोरावर.

आता येऊ १९६९ या वर्षाकडे. हिंदीतल्या नव्या सिनेमाची सुरुवात सांगताना तीन नावं घेतली जातात : मृणाल सेन यांचा 'भुवन शोम', बासू चटर्जींचा 'सारा आकाश' आणि मणी कौलचा 'उसकी रोटी'. तिन्हींना सरकारी फिल्म फायनान्स कॉर्पोरेशनचं कर्ज मिळालं होतं. तीन दिग्दर्शक, तीन वेगळे स्वभाव. सेन कोलकात्याचे, डाव्या विचारांचे, पडद्यावर खोड्या काढणारे. बासूदा अनेक वर्षं व्यंगचित्रकार म्हणून काम केलेले. मणी कौल पंचविशीतला, कथा सांगण्याची रूढ रीतच मोडू पाहणारा. आणि तिघांचा कॅमेरामन एकच, तोही पंचविशीतला. ही चळवळ सुरू झाली तेव्हा तिन्ही ठिकाणी हजर असलेला असा माणूस दुसरा कोण? तरी इतिहासाच्या पुस्तकांत तिघा दिग्दर्शकांवर प्रकरणं असतात आणि याच्या वाट्याला कंसातलं नाव येतं.

तिन्ही चित्रपट शेजारी शेजारी ठेवून पाहा. 'भुवन शोम' सौराष्ट्रात घडतो. रेल्वेतला एक कडक, एकटा साहेब शिकारीला म्हणून बाहेर पडतो आणि गौरी नावाच्या मुलीला भेटून जरा माणसात येतो. साहेब म्हणजे उत्पल दत्त, गौरी म्हणजे आपल्या सुहासिनी मुळे, त्यांचा हा पहिला चित्रपट. इथे कॅमेरा मोकळा सुटलाय. धावत्या गाडीतून दिसणारे रूळ, वाळूच्या टेकड्या, पाण्यावरून उठणारे पक्ष्यांचे थवे. मध्येच चित्र गोठतं, मध्येच कार्टून येतं. पांढऱ्या वाळूवर पांढरं ऊन पडलं की कृष्णधवल फिल्मवर सगळं पुसट होण्याचा धोका असतो. महाजनांनी ते ऊन टाळलं नाही. त्या उघड्या उजेडात साहेबाचा सूटबूट अधिकच हास्यास्पद दिसतो, आणि ते चित्रपटाला हवंच होतं.

'सारा आकाश' आग्र्यातला, राजेंद्र यादव यांच्या कादंबरीवरचा. मनाविरुद्ध लग्न झालेला तरुण बायकोशी बोलतच नाही. एकत्र कुटुंबाचं जुनं घर, अरुंद जिने, अंगण, गच्ची. घर खरं, त्यामुळे भिंत सरकवून कॅमेरा मागे नेता येत नाही. मग महाजन अडचणीलाच कामाला लावतात. दारांच्या चौकटींतून, जिन्याच्या वळणावरून माणसं दिसतात, अर्धी झाकलेली. त्या घरात दोघांना एकांत नाही हे संवादाशिवाय कळतं. या छायालेखनासाठी महाजनांना पहिला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला.

'उसकी रोटी' मोहन राकेश यांच्या कथेवरचा. पंजाबातल्या एका गावात बालो आपल्या बसचालक नवऱ्यासाठी रोटी घेऊन रस्त्यावर वाट पाहत उभी राहते. बस. कथा एवढीच. मणी कौल आणि महाजन यांनी यासाठी दोन भिंगं निवडली : २८ मिलिमीटर आणि १३५ मिलिमीटर. ज्यांना कॅमेऱ्याची सवय नाही त्यांच्यासाठी सांगतो. २८ चं भिंग रुंद दिसतं, त्यात जवळचं झाड आणि दूरचा रस्ता दोन्ही स्पष्ट येऊ शकतात. १३५ चं भिंग दूरची वस्तू जवळ ओढतं, पण त्याची स्पष्टता एका पातळ पट्ट्यापुरती असते. चेहरा स्पष्ट, मागचं सगळं धुकं. नट थोडा पुढे झुकला तरी चित्र बिघडतं. चित्रपटात आधी रुंद भिंग बालोचं प्रत्यक्ष जगणं दाखवतं आणि लांब भिंग तिच्या मनातलं. पुढे हळूहळू ही विभागणी उलटीपालटी होते. वाट पाहून पाहून माणसाला खरं काय आणि मनातलं काय हे कळेनासं होतं, ते असं भिंगांच्या अदलाबदलीतून आलंय. या कामाला १९७० चा राष्ट्रीय पुरस्कार.

मग १९७२ चा 'माया दर्पण'. दिग्दर्शक कुमार शहानी, कथा निर्मल वर्मांची. सरंजामी हवेलीत अडकलेली मुलगी, आणि पहिल्यांदाच महाजनांच्या हाती असा चित्रपट जिथे रंग हीच भाषा आहे. त्या काळात रंगीत सिनेमा म्हणजे भडक साड्या आणि काश्मीरची फुलं असं समीकरण होतं. इथे रंग तोलूनमापून, कथेच्या वळणांसोबत बदलत जातात. तिसरा राष्ट्रीय पुरस्कार. चौथा १९७४ साली मृणाल सेन यांच्या 'कोरस'साठी, तो पुन्हा कृष्णधवल.

मणी कौलचा आणखी एक चित्रपट इथे मराठी प्रेक्षकांसाठी सांगायला हवा : १९७१ चा 'आषाढ का एक दिन'. मोहन राकेश यांच्याच नाटकावरचा. त्यात मल्लिकेची भूमिका रंगभूमीवरच्या रेखा सबनीस यांनी केली आणि कालिदासाची अरुण खोपकर यांनी. हो, तेच खोपकर, ज्यांचं गुरुदत्तवरचं मराठी पुस्तक आपल्यापैकी अनेकांनी वाचलंय. जमलं तर हा चित्रपट शोधून पाहा. जवळपास सगळं एका घरात घडतं आणि महाजनांचा कॅमेरा चेहऱ्यांवर इतका शांत थांबतो, की पापणी लवली तरी घटना वाटते.

आता मला एका प्रसंगाबद्दल बोलायचंय. सेन यांचा बंगाली 'इंटरव्ह्यू', सत्तरच्या दशकाच्या अगदी आरंभीचा. नायक कोलकात्यात ट्रामने चाललाय. त्याला नोकरीच्या मुलाखतीसाठी सूट हवाय. ट्राममध्ये एक मुलगी सिनेमाचं मासिक चाळतेय, त्यात त्याचाच फोटो आहे. तो एकदम आपल्याकडे वळतो आणि सांगू लागतो, की मी कुणी स्टार नाही, माझं नाव रणजित मल्लिक, हे लोक दिवसभर माझ्यामागे कॅमेरा घेऊन फिरताहेत. आणि मग चित्र बदलतं. पडद्यावर कॅमेरा दिसतो आणि त्याच्यामागे उभा माणूस दिसतो. तो माणूस म्हणजे खुद्द के. के. महाजन.

हे नुसतं चमत्कृती म्हणून घेऊ नका. पन्नास-साठ वर्षं भारतीय प्रेक्षकाला शिकवलं गेलं होतं, की कॅमेरा नाहीच असं समजा. सेन इथे म्हणताहेत, की हे चित्र कुणीतरी घेतंय, कुणीतरी निवडतंय, हे विसरू नका. आणि त्या 'कुणीतरी'चा चेहराही दाखवताहेत.

याच सुमारास हाच माणूस मुंबईत काय करत होता? १९७२ सालीच बासूदांचा 'पिया का घर' आला. राजा ठाकुरांच्या मराठी 'मुंबईचा जावई'वरून केलेला. चाळीतली छोटी जागा, नवं जोडपं आणि भरलेलं घर. 'सारा आकाश'चीच अडचण, पण यावेळी हसत हसत. मग १९७४ चा 'रजनीगंधा', १९७६ चे 'छोटी सी बात' आणि 'चितचोर'. तीन चित्रपटांतून अमोल पालेकर घराघरांत पोचले.

'छोटी सी बात' आजही लोकांना आवडतो याचं एक कारण त्यातली मुंबई आहे. बसथांबा, ऑफिसचा जिना, जहांगीर आर्ट गॅलरीतलं समोवार. नायक-नायिका तिथे खरोखर राहतात-वावरतात असं वाटतं. हे सोपं नाही. रहदारीच्या रस्त्यावर मोठे दिवे आणले की गर्दी जमते आणि गर्दी जमली की रस्ता रस्ता राहत नाही. त्यासाठी लहान चमू लागतो, चटकन मांडता येणारा कॅमेरा लागतो, आणि आहे त्या उजेडात चेहरा वाचता येईल अशी जागा पटकन हेरणारी नजर लागते. ही नजर कुठून आली? 'भुवन शोम'मधून, 'इंटरव्ह्यू'च्या ट्राममधून, माहितीपटांमधून. प्रायोगिक सिनेमात शिकलेलं तंत्र इथे मध्यमवर्गीय प्रेमकथेच्या सेवेला आलं. ही माझ्या मते त्या खोल्यांमधल्या दारांची सगळ्यात स्पष्ट खूण.

१९७९ चा 'मंझिल' घ्या. त्यात लताबाईंच्या आवाजातलं पावसाचं गाणं आहे, योगेश यांचं. अमिताभ बच्चन आणि मौसमी चटर्जी दक्षिण मुंबईच्या रस्त्यांवरून खऱ्या पावसात भिजत चाललेत. तोवर सिनेमातला पाऊस म्हणजे नळाचा पाऊस, मागून दिवा मारून चमकवलेला. खऱ्या पावसात उजेड करडा आणि सपाट असतो, भिंगावर थेंब येतात. महाजनांनी तो करडेपणाच ठेवला. म्हणून त्या गाण्यात मुंबईचा जुलै महिना जसा असतो तसा दिसतो. दिल्लीत किंवा बंगळुरात राहणाऱ्या मुंबईकराने ते बघावं आणि घरची आठवण काढावी, असा.

पुन्हा कोलकाता. सेन आता रस्त्यावरून घरात शिरले होते. १९७९ च्या 'एक दिन प्रतिदिन'मध्ये कमावती मुलगी रात्री घरी येत नाही आणि सबंध वाड्याचा मुखवटा गळतो. १९८२ च्या 'खारिज'मध्ये घरकामाला ठेवलेला मुलगा थंडीच्या रात्री स्वयंपाकघरात झोपतो आणि शेगडीच्या धुराने मरतो. या चित्रपटाला कान महोत्सवात परीक्षकांचा पुरस्कार मिळाला. कॅमेरा आता खोड्या काढत नाही. तो त्या घरातल्या माणसांइतकाच अस्वस्थ होऊन जिन्यात, दारात उभा असतो. 'खारिज'मध्ये मालकांच्या खोलीतली ऊब आणि पोऱ्याची झोपायची जागा यांतलं अंतर कुणी भाषण करून सांगत नाही. ते उजेडातून कळतं.

आणि १९८४ सालचा 'खंडहर'. एक छायाचित्रकार मित्रांबरोबर पडक्या वाड्यात दोन दिवस जातो, तिथे आजारी आईसोबत अडकलेली जामिनी त्याला भेटते. तो तिचा फोटो काढतो आणि शहरात परततो. ती तिथेच राहते. नसीरुद्दीन शाह आणि शबाना आझमी. मला हा चित्रपट महाजनांच्या कामात मध्यभागी ठेवावासा वाटतो, कारण तो कॅमेऱ्यालाच प्रश्न विचारतो : दुसऱ्याचं दुःख सुंदर टिपून आपण निघून गेलो, तर आपण नेमकं काय केलं? असा चित्रपट चित्रित करणाऱ्याला फार जपून राहावं लागतं. पडकी भिंत फारच देखणी दिसली तर तोही नायकासारखाच वागला असं होईल.

आता टीव्ही. १९८६-८७ मध्ये 'बुनियाद' आली. लेखन मनोहर श्याम जोशी यांचं, दिग्दर्शक रमेश सिप्पी, म्हणजे 'शोले'वाले. लाहोरमधलं एक कुटुंब, फाळणी, आणि दिल्लीत पुन्हा उभं राहणं. सत्तर मिलिमीटरचा भव्य पडदा गाजवणारा दिग्दर्शक आणि 'उसकी रोटी'चा कॅमेरामन हे दोघे घरातल्या छोट्या चौकोनी पडद्यासाठी एकत्र आले. भारतात रंगीत प्रक्षेपण १९८२ मध्ये सुरू झालं होतं, पण अनेक घरांत अजून कृष्णधवल संचच होते. म्हणजे एकच चित्र कुणाला रंगीत दिसणार, कुणाला करडं. त्या पडद्यावर दूरची दृश्यं मुंगीएवढी दिसत आणि गडद सावली म्हणजे नुसता काळा डाग. मग भिस्त ठेवायची ती चेहऱ्यांवर. शांत चेहऱ्यावर थांबायची सवय ज्याला होती, त्याला हे परकं नव्हतं.

एक गोष्ट मनात येते ती सांगतो. महाजनांचा गुरदासपूर जिल्हा फाळणीच्या रेषेने चिरला गेला. शकरगढ तहसील पाकिस्तानात गेली, बाकी भारतात राहिला. आणि हे जाहीर झालं ते १७ ऑगस्टला, स्वातंत्र्य मिळून दोन दिवस उलटल्यावर. त्या जिल्ह्यात जन्मलेला माणूस चाळीस वर्षांनी फाळणीची सगळ्यात जास्त पाहिली गेलेली मालिका चित्रित करणाऱ्यांत असावा, याला इतिहासाचा योग म्हणू. त्यापलीकडे अर्थ चिकटवायला मी जाणार नाही.

आता मुद्द्यावर येतो. चारही राष्ट्रीय पुरस्कार महाजनांना वयाच्या तिशीपर्यंत मिळाले. त्यानंतर 'एक दिन प्रतिदिन', 'खारिज', 'खंडहर', शहानींचे 'तरंग' आणि 'कस्बा' एवढं सगळं केलं, पण पाचवा पुरस्कार आला नाही. मी याचा अर्थ असा लावतो : ज्या छायालेखनाकडे आपलं लक्ष जातं त्याला आपण दाद देतो, आणि जे चित्रपटात विरघळून जातं ते आपल्याला दिसत नाही. 'छोटी सी बात' पाहून बाहेर पडलेला माणूस 'काय फोटोग्राफी होती!' असं म्हणत नाही. तो म्हणतो, 'काय छान पिक्चर होतं.' कॅमेरामनसाठी ही दाद आहे की अन्याय, हे तुम्हीच ठरवा.

आणि अष्टपैलू या शब्दाबद्दल. समीक्षक तो शब्द जरा नाक मुरडून वापरतात, जणू ज्याला सगळं जमतं त्याचं स्वतःचं काही नसतं. महाजनांकडे पाहिलं की हे पटत नाही. त्यांचं स्वतःचं होतं ते एका प्रश्नात : या जागेत उजेड कुठून येतो, आणि इथे राहणाऱ्या माणसाला तो किती मिळतो? आग्र्याचं घर, मुंबईची चाळ, कोलकात्याचं स्वयंपाकघर, लाहोरची हवेली. प्रश्न तोच, उत्तरं वेगळी. कारण घरं वेगळी.

१३ जुलै २००७ रोजी मुंबईत महाजन गेले. त्यांच्यावर लिहिलं-बोललं गेलेलं त्यांच्या कामाच्या मानाने फार थोडं आहे.

म्हणून एक गृहपाठ देतो. येत्या आठवड्यात दोन चित्रपट पाठोपाठ पाहा : 'सारा आकाश' आणि 'पिया का घर'. दिग्दर्शक तोच, कॅमेरामन तोच, अडचणही तीच, घरात जागा नाही. एकात गुदमरायला होतं, दुसऱ्यात हसू येतं. कॅमेरा कुठे उभा आहे, दारात की खोलीत, एवढंच बघत राहा. आणि सुरुवातीची नामावली पुढे ढकलू नका. 'छायाचित्रण' या शब्दापुढचं नाव वाचा.

पुढच्या भागात भेटू. नमस्कार.